निळ्या रेषेच्या आत

17 मे 2025, शनिवार. चिखलीत इंद्रायणीच्या काठावरचे 36 बंगले पिंपरी-चिंचवड महापालिकेने एका दिवसात पाडले. बातम्यांत पोकलेन आणि पोलीस बंदोबस्तच दिसला. पण निकाल त्याआधीच लागून गेला होता. 1 जुलै 2024 रोजी राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने बांधकामे पाडण्याचा आणि पर्यावरणाच्या हानीपोटी 5 कोटी रुपये वसूल करण्याचा आदेश दिला. त्याविरुद्धचे अपील सर्वोच्च न्यायालयाने मे 2025 मध्ये फेटाळले.

घर आपल्या ताब्यात, पैसे मोजून घेतलेले, मग अपिलात घरमालकांचा निभाव का लागला नाही? याचे उत्तर अपिलाच्या कलमातच आहे. 2010 च्या हरित न्यायाधिकरण कायद्याच्या कलम 22 नुसार आदेश मिळाल्यापासून 90 दिवसांत थेट सर्वोच्च न्यायालयात जाता येते, पण दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 100 मधल्या कारणांवरच. ही दुसऱ्या अपिलाची चाळणी. कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तर बोला, पुरावा पुन्हा पाखडायला बसू नका, असा तिचा रोख. शिवाय कलम 29 ने या विषयात दिवाणी न्यायालयाची वाटही बंद केलेली. खरेदीखत आणि ताब्याची हकिगत घेऊन स्थानिक कोर्टात दावा लावण्याची नेहमीची सोय इथे नव्हतीच.

आणि प्रश्न मालकीचा नव्हताच. नदीच्या दोन पूररेषा असतात. सरासरी 25 वर्षांतून एकदा येणारा पूर जिथवर पोहोचतो ती निळी, 100 वर्षांतला पोहोचतो ती लाल. निळीच्या आत निषिद्ध क्षेत्र, दोहोंच्या मध्ये नियंत्रित. ही जागा निळीच्या आत होती. जमीन कोणाच्याही नावावर असो, तिथे राहते घर बांधता येत नाही.

अशा व्यवहारांत खरेदीदाराच्या फाइलीत काय असते ते पाहावे: नोंदणीकृत खरेदीखत, इंडेक्स टू, मुद्रांक शुल्काची पावती, कधी वीजबिल, कधी मालमत्ताकराची पावती. प्रत्येकावर सरकारी शिक्का. पण नोंदणी कार्यालय व्यवहार नोंदवते, बांधकामाची परवानगी देत नाही. करपावतीबद्दल तर महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाच्या कलम 267अ मध्ये स्पष्टच लिहिले आहे: बेकायदा बांधकामावर कर आणि शास्ती घेतली म्हणून ते नियमित ठरत नाही. पिंपरी-चिंचवडकरांना हा शास्तीकर चांगलाच ठाऊक आहे. तो माफ करा म्हणून वर्षानुवर्षे आंदोलने झाली. एकाच यंत्रणेने कर घ्यावा आणि हातोडाही चालवावा, हे कायद्याला मान्य असले तरी घर घेणाऱ्याला ते फसवणुकीसारखे वाटते, आणि त्याच्या वाटण्यात तथ्य नाही असे मला म्हणवत नाही.

सर्वोच्च न्यायालयाच्या 13 नोव्हेंबर 2024 च्या 'बुलडोझर' निकालाचा आधार मिळाला असता का? त्या निकालाने पाडण्याआधी 15 दिवसांची नोटीस सक्तीची केली, पण दोन अपवाद ठेवले: नदी वा जलाशयासारख्या सार्वजनिक जागेतली बांधकामे, आणि न्यायालयाच्या आदेशाने पाडायची बांधकामे. चिखलीच्या काठावर दोन्ही अपवादांची सावली पडत होती. पाठोपाठ 17 डिसेंबरला मेरठच्या प्रकरणात याच न्यायालयाने बजावले की बांधकामात गुंतवलेला पैसा किंवा अधिकाऱ्यांची दिरंगाई यांची ढाल बेकायदा बांधकामाला करता येणार नाही.

उरतो विकणारा. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम 55 प्रमाणे खरेदीदाराला सहज कळणार नाही असा मालमत्तेतला किंवा हक्कातला ठळक दोष ठाऊक असेल, तर तो सांगणे विक्रेत्याचे कर्तव्य आहे. पूररेषेची गोष्ट त्यात बसते का, यावर बचावपक्ष पहिल्याच तारखेला म्हणेल की नकाशा जाहीर होता, तुम्ही पाहायला हवा होता. तरी घर वाचवायला जे खरेदीखत उपयोगी पडले नाही, ते भरपाईच्या दाव्यात वादीचा पहिला पुरावा ठरेल. किंमत, तारीख आणि विकणाऱ्याची सही त्यावर आहे.