नांदेड व लातूर जिल्ह्यांतील हिवाळा

मराठवाड्याच्या पूर्व व आग्नेय भागातील नांदेड आणि लातूर या जिल्ह्यांत हिवाळा सर्वसाधारणपणे नोव्हेंबरच्या आरंभापासून फेब्रुवारीच्या मध्यापर्यंत असतो. भारतीय हवामानशास्त्र विभाग जानेवारी व फेब्रुवारी हे दोनच महिने हिवाळ्याचे मानतो. लोकव्यवहारात मात्र दिवाळीपासून थंडीची सुरुवात धरली जाते. गोदावरी व मांजरा या नद्यांच्या खोऱ्यांतील हा ऋतू कोरडा व निरभ्र असतो. दुपारचे तापमान बहुधा २८ ते ३० अंश सेल्सियसच्या आसपास राहते, तर पहाटे ते १२ ते १५ अंशांपर्यंत उतरते आणि थंडीच्या लाटेत १० अंशांच्याही खाली जाते. त्यामुळे दिवसाच्या सरासरी तापमानावरून येथील थंडीची पुरेशी कल्पना येत नाही. दिवस व रात्र यांतील तफावत हे तिचे मुख्य लक्षण असून तिचा सर्वाधिक त्रास रात्री व पहाटे उघड्यावर असणाऱ्यांना होतो.

भौगोलिक पार्श्वभूमी

हा प्रदेश अरबी समुद्र व बंगालचा उपसागर या दोहोंपासून दूर, दख्खनच्या पठारावर वसलेला आहे. समुद्रसान्निध्यामुळे कोकणात रात्रीचे तापमान फारसे घसरत नाही. तसा आधार येथे नाही. नांदेड शहर गोदावरीच्या काठी समुद्रसपाटीपासून सुमारे ३६० मीटर उंचीवर आहे, तर लातूर शहर बालाघाटच्या पठारी भागात सुमारे ६३० मीटर उंचीवर आहे. मांजरा नदी बीड जिल्ह्यातील पाटोदा तालुक्यात उगम पावते, लातूर जिल्ह्यातून वाहत पुढे कर्नाटक व तेलंगणात जाते आणि नांदेड जिल्ह्याच्या सीमेलगत कंदकुर्ती येथे गोदावरीस मिळते. तेरणा, तावरजा, घरणी व मन्याड या तिच्या प्रमुख उपनद्या होत.

थंडीची कारणे

हिवाळ्यात सूर्य विषुववृत्ताच्या दक्षिणेस असल्याने दिवस लहान होतो. डिसेंबरच्या अखेरीस येथे दिवसाची लांबी सुमारे ११ तास असते. आकाश निरभ्र असल्यास जमिनीने दिवसभर शोषलेली उष्णता रात्री प्रारणाद्वारे झपाट्याने निघून जाते आणि जमिनीलगतची हवा थंड होते. थंड हवा जड असल्यामुळे ती उतारावरून खाली सरकते व नदीकाठच्या सखल भागात साचते. अशा वेळी वरच्या हवेपेक्षा खालची हवा अधिक थंड असते. या स्थितीस तापमानाची विपरीतता म्हणतात.

एरवी उंचीनुसार तापमान दर किलोमीटरला सरासरी साडेसहा अंशांनी घटते. या हिशेबाने नांदेडपेक्षा लातूर सुमारे पावणेदोन अंशांनी थंड असावयास हवे. दिवसा हे बहुधा खरे ठरते. परंतु वारा पडलेल्या रात्री माळावरच्या वस्तीपेक्षा नदीकाठच्या मळ्यात थंडी अधिक जाणवू शकते.

थंडीची लाट, ढगाळ हवा व धुके

पश्चिमी विक्षोभ उत्तर भारतातून पुढे सरकल्यानंतर त्यांच्या मागून येणारे थंड, कोरडे वारे दक्षिणेकडे वाहतात. हिमालय मध्य आशियातील अतिशीत हवा अडवतो व सातपुड्याच्या रांगाही काही प्रमाणात आडोसा देतात. तरीही या वाऱ्यांनी मराठवाड्याचे तापमान एकदोन दिवसांत बरेच उतरते. हवामानशास्त्र विभागाच्या निकषानुसार मैदानी भागात किमान तापमान १० अंश वा त्याहून कमी आणि सरासरीपेक्षा किमान साडेचार अंशांनी खाली असल्यास थंडीची लाट मानली जाते. तापमान ४ अंशांपर्यंत उतरल्यास सरासरीचा विचार न करताही लाट समजली जाते.

बंगालच्या उपसागरात कमी दाबाचा पट्टा वा चक्रीवादळ निर्माण झाल्यास आकाश ढगाळ होते. ढग जमिनीची उष्णता अडवून धरत असल्याने रात्रीची थंडी एकदम कमी होते. अशा वेळी अवकाळी पाऊसही पडतो. पावसानंतर आकाश मोकळे झाले आणि वारा शांत असला, की नदीकाठी व जलाशयांभोवती पहाटे धुके पडते.

शेतीवरील परिणाम

रब्बी पिकांना मध्यम थंडी उपकारक ठरते. गव्हाला फुटवे अधिक येतात आणि हरभऱ्याची वाढ चांगली होते. पावसाळ्यातील ओल काळ्या जमिनीत टिकून राहत असल्याने ज्वारी व करडई ही पिके कोरडवाहू शेतातही येतात. ढगाळ हवा मात्र अपायकारक असते. तिच्यामुळे हरभऱ्यावर घाटेअळीचा, करडईवर माव्याचा आणि आंब्याच्या मोहोरावर तुडतुडे व भुरीचा प्रादुर्भाव वाढतो.

तीव्र थंडीचा फटका फळबागांना बसतो. नांदेड जिल्ह्यातील अर्धापूर परिसर केळीसाठी प्रसिद्ध आहे. तापमान १० ते १२ अंशांखाली गेल्यास केळीची नवी पाने येण्याचे प्रमाण मंदावते आणि घड खोडातच अडकण्याचा धोका असतो. यासाठी बागेभोवती शेवरीसारख्या झाडांचे वारारोधक कुंपण केले जाते, घड झाकले जातात व पहाटे काडीकचरा जाळून धूर केला जातो. द्राक्षांमध्ये मणी पक्व होताना दिवस-रात्रीच्या तापमानात मोठी तफावत पडल्यास हिरव्या मण्यांवर गुलाबी छटा येते. तिला ‘पिंक बेरी’ म्हणतात. ती टाळण्यासाठी घडांना कागद गुंडाळण्याची पद्धत आहे.

हंगामाच्या अखेरीस गारपिटीचेही भय असते. २०१४ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये मराठवाड्यात झालेल्या गारपिटीने काढणीस आलेली रब्बी पिके व फळबागा यांची मोठी हानी केली. परभणी येथील वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठातून विभागासाठी हवामानावर आधारित कृषी सल्ला प्रसिद्ध होतो.

रात्रीचे सिंचन

ओलसर जमीन कोरड्या जमिनीपेक्षा अधिक उष्णता साठवते आणि विहिरीचे पाणी थंडीच्या दिवसांत हवेपेक्षा उबदार असते. म्हणून कडाक्याच्या थंडीत पिकाला हलके पाणी देणे हा संरक्षणाचा मान्य उपाय आहे. पिकाचे रक्षण करणारे हे काम करणाऱ्यास मात्र कष्टाचे ठरते. कृषिपंपांना वीज आळीपाळीने दिवसा व रात्री मिळत असल्याने शेतकऱ्यांना ऐन थंडीत ओल्या वाफ्यांत उभे राहून दारे धरावी लागतात. भिजलेले पाय व कपडे यांमुळे शरीरातील उष्णता लवकर निघून जाते; शिवाय अंधारात साप-विंचवाचे भय असते. दिवसा वीज देण्याच्या हेतूने राज्य शासनाने २०१७ मध्ये मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजना सुरू केली.

घरे व निवारा

या भागातील पारंपरिक घरे जाड दगड-मातीच्या भिंतींची व मातीच्या धाब्याची असत. त्यांना माळवद म्हणतात. जाड भिंती दिवसाची उष्णता हळूहळू शोषतात व रात्री हळूहळू सोडतात. त्यामुळे घरातील तापमानात फार चढउतार होत नाही. मात्र ३० सप्टेंबर १९९३ रोजी किल्लारी परिसरात झालेल्या भूकंपात हीच जड घरे कोसळून हजारो माणसे दगावली. त्यानंतरचा हिवाळा अनेक कुटुंबांना पत्र्याच्या तात्पुरत्या निवाऱ्यांत काढावा लागला. पुढे लातूर व तत्कालीन उस्मानाबाद जिल्ह्यांतील अतिबाधित गावांचे नव्या जागी भूकंपरोधक घरांत पुनर्वसन झाले. पत्रा लवकर तापतो तसा लवकर निवतोही. म्हणून पत्र्याच्या घरात छताखाली तट्ट्या वा लाकडी फळ्यांचे आच्छादन उपयोगी पडते.

ऊसतोडणीचा हंगाम हिवाळ्यातच येतो. त्यामुळे तोडणी कामगारांची कुटुंबे हा काळ शेतातील कोपींमध्ये, म्हणजे पाचट व बांबूच्या तात्पुरत्या झोपड्यांत, काढतात.

आरोग्य

थंडीत दमा, सर्दी-खोकला व सांधेदुखी बळावते. रक्तवाहिन्या आकुंचन पावून रक्तदाब वाढत असल्याने हृदयरोग्यांना पहाटेची वेळ जोखमीची असते. शरीराचे तापमान ३५ अंशांखाली गेल्यास जीवितास धोका उत्पन्न होतो. अर्भके व वृद्ध यांना हा धोका अधिक असतो. एका जाड कपड्यापेक्षा अनेक पातळ थर अधिक ऊब देतात, कारण थरांमध्ये अडकलेली हवा उष्णतेची दुर्वाहक असते. जुन्या कपड्यांचे थर शिवून केलेली वाकळ याच तत्त्वावर ऊब देते. बंद खोलीत कोळशाची शेगडी पेटती ठेवून झोपणे प्राणघातक ठरू शकते, कारण तिच्यातून निघणारा कार्बन मोनॉक्साइड हा वायू रंगहीन व गंधहीन असतो.

लोकजीवन

मार्गशीर्ष अमावस्येला लातूर व परिसरात वेळ अमावस्या किंवा येळवस साजरी होते. शेतात कडब्याची कोप करून पूजा केली जाते आणि भज्जी, आंबील, उंडे यांचे वनभोजन होते. याच सुमारास नांदेड जिल्ह्यातील लोहा तालुक्यात माळेगाव येथे खंडोबाची यात्रा भरते. ती पशुबाजारासाठी प्रसिद्ध असून पशुपालक अनेक रात्री आपल्या जनावरांसह उघड्या माळावर मुक्काम करतात. ज्वारीची कणसे दुधात भरली की हुरड्याचा हंगाम सुरू होतो. भोगीला बाजरीची तीळ लावलेली भाकरी व मिश्र भाजी, तर संक्रांतीला तिळगूळ करतात. तीळ, गूळ व बाजरी हे पदार्थ लोकसमजुतीप्रमाणे उष्ण मानले जातात. तीळ व गूळ यांपासून ऊर्जाही भरपूर मिळते.