आर्जिरोडाइट : एका नांवाची कुळकथा

गंधकाशीं धातूंचा संयोग होऊन बनलेलीं खनिजें आपल्या लोकांस अपरिचित नाहींत. हिंगूळ म्हणजे पारा आणि गंधक. हरताळ व मनशीळ म्हणजे सोमल आणि गंधक. डोळ्यांत घालावयाचा काळा सुरमाही याच कुळांतला. वैद्याच्या खलांतून आणि चिताऱ्याच्या रंगांतून हीं नांवें इतक्या पिढ्या चालत आलीं आहेत कीं, तीं प्रथम कोणीं ठेविलीं असा प्रश्नही कोणाच्या मनांत येत नाहीं. परंतु याच कुळांत एक दुर्मीळ खनिज असें आहे कीं, त्याचें बारसें कोणत्या सालीं, कोणत्या गांवीं व कोणाच्या हातून झालें हें निश्चित ठाऊक आहे. इतकेंच नव्हे, तर नांव ठेवणारास त्या वेळीं काय माहीत होतें आणि काय माहीत नव्हतें, हेंही सांगतां येतें. या खनिजाचें नांव आर्जिरोडाइट. त्याची कुळकथा आम्ही येथें सांगणार आहों, ती केवळ रसायनशास्त्राच्या कौतुकासाठीं नव्हे. वस्तूस नांव दिलें म्हणजे ती वस्तु कळली, असा जो समज आपणां सर्वांच्या मनांत घर करून असतो, त्याची परीक्षा या कथेंत आपोआप होते.

जर्मनींतील सॅक्सनी प्रांतांत फ्रायबर्ग नांवाचें गांव आहे. तेथें इ. स. ११६८ च्या सुमारास चांदी सांपडली आणि पुढें सात शतकें त्या गांवाचें सारें वैभव चांदीवर उभें राहिलें. १७६५ सालीं तेथें खाणविद्येचें विद्यालय निघालें. त्याचा लौकिक युरोपभर पसरला. १८८५ सालीं या गांवाजवळच्या ‘हिमेल्सफ्यूर्स्ट’, म्हणजे ‘स्वर्गाधिपति’, या खाणींत एक अनोळखी धातुक सांपडलें. रंग पोलादासारखा करडा, नव्या भंगाच्या जागीं किंचित् तांबूस झांक, आणि चकाकी निखळ धातूची. तें विद्यालयांतील खनिजशास्त्राचे अध्यापक आल्बिन वाइसबाख यांच्याकडे आलें. त्यांनीं तें नवें खनिज म्हणून ओळखलें आणि त्यांत चांदी भरपूर आहे हें पाहून त्यास ‘आर्जिरोडाइट’ असें नांव दिलें.

हा शब्द ग्रीक आहे. ‘आर्गिरोस’ म्हणजे चांदी, आणि त्यापुढील प्रत्यय ‘-युक्त’ अशा अर्थाचा. तेव्हां आर्जिरोडाइट म्हणजे ‘रौप्ययुक्त’. हें नांव कानाला परकें वाटलें तरी त्याचें मूळ आपल्या ओळखीचें आहे. ज्या प्राचीन धातूपासून ग्रीकांचें ‘आर्गिरोस’ आणि रोमनांचें ‘आर्जेन्टम’ आलें, त्याच धातूपासून संस्कृतांतील ‘रजत’ आणि शुभ्र या अर्थाचा ‘अर्जुन’ हे शब्द आले, असें भाषाशास्त्रज्ञ मानतात. सॅक्सनीच्या खाणींतील दगडास अर्जुनाच्या गोत्रांतील नांव मिळावें, ही गोष्ट मौजेची खरीच.

परंतु नांव ठेवून काम संपलें नव्हतें. त्याच विद्यालयांतील थेओडोर रिश्टर यांनीं फुंकनळीच्या ज्योतीवर खनिजाची परीक्षा केली. १८६३ सालीं फर्डिनांड राइश यांच्यासमवेत इंडियम या मूलद्रव्याचा शोध लावणारे ते हेच गृहस्थ. त्यांस चांदी व गंधक यांखेरीज थोडासा पाराही आढळला. मग सविस्तर पृथक्करणाचें काम रसायनशास्त्राचे अध्यापक क्लेमेन्स विंक्लर यांच्याकडे आलें. विंक्लर यांनीं प्रत्येक घटक तोलून पाहिला. शंभर भागांत चांदी सुमारें ७५, गंधक सुमारें १७, आणि लोखंड, जस्त व पारा मिळून जेमतेम एक. एकूण बेरीज ९३. त्यांनीं पुन्हां पृथक्करण केलें. बेरीज पुन्हां ९३. कितीही वेळां हिशेब केला तरी शंभरांतले सुमारें सात भाग कोठें जातात तें कळेना.

अशा प्रसंगीं सामान्य माणूस काय करतो? तो चूक तराजूच्या किंवा हाताच्या माथीं मारतो आणि वही मिटतो. विंक्लर यांचा आपल्या तराजूवर विश्वास होता. जें सांपडत नाहीं तें एखादें अज्ञात मूलद्रव्यच असलें पाहिजे, असा त्यांनीं निष्कर्ष काढला आणि कित्येक महिने त्याच्या पाठीस लागले. खनिज सोडा व गंधक यांबरोबर वितळवून तो गोळा पाण्यांत विरघळवावा, त्यांत थोडें आम्ल घालून खालीं बसेल तें गाळून टाकावें, असा त्यांचा क्रम होता. पण हवें तें द्रव्य हातीं येत नव्हतें. शेवटीं ६ फेब्रुवारी १८८६ रोजीं त्यांनीं त्या गाळलेल्या पाण्यांत हायड्रोक्लोरिक आम्ल मुबलक ओतलें, आणि तत्काळ पांढऱ्या पुंजक्यांचा दाट साका खालीं बसला. या द्रव्याचा गंधकाशीं झालेला संयोग पाण्यांत विरघळतो, परंतु तीव्र आम्लांत विरघळत नाहीं. हीच ती मेख होती. हरवलेले सात भाग इतके दिवस त्याच पाण्यांत होते.

आतां ही कथा फ्रायबर्गहून रशियाकडे वळते. दिमित्री मेंडेलेयेव्ह यांनीं १८६९ सालीं मूलद्रव्यांची आवर्तसारणी मांडली, आणि जेथें ओळींत खंड पडला तेथें जागा मोकळी ठेवून, येथें अद्याप न सांपडलेलें मूलद्रव्य असलें पाहिजे, असें धैर्यानें सांगितलें. या अनागत पाहुण्यांस नांवें देतांना त्यांनीं संस्कृत संख्याशब्द योजिले. ॲल्युमिनियमच्या पुढचें तें ‘एक-ॲल्युमिनियम’, बोरॉनच्या पुढचें ‘एक-बोरॉन’, सिलिकॉनच्या पुढचें ‘एक-सिलिकॉन’. यांपैकीं पहिलें १८७५ सालीं फ्रान्समध्यें सांपडलें व गॅलियम झालें. दुसरें १८७९ सालीं स्वीडनमध्यें सांपडलें व स्कँडियम झालें. तिसऱ्याची जागा अद्याप रिकामी होती.

नवें मूलद्रव्य त्या जागीं बसेल हें मात्र प्रथम कोणाच्या ध्यानीं आलें नाहीं. विंक्लर यांस तें अँटिमनी व बिस्मथ यांच्यामधलें वाटलें. स्वतः मेंडेलेयेव्ह यांनीं तें कॅडमियमच्या ओळींत घालून पाहिलें. हें ‘एक-सिलिकॉन’ असावें असें ब्रेस्लावचे व्हिक्टर फॉन रिश्टर यांनीं सुचविलें, आणि पुढील मोजमापांनीं वाद मिटविला. मेंडेलेयेव्ह यांनीं १८७१ सालीं वर्तविलेला अणुभार ७२. विंक्लर यांस आढळला ७२.३. विशिष्ट गुरुत्व वर्तविलें ५.५, आढळलें ५.४७. ऑक्साइडचें गुरुत्व वर्तविलें ४.७, आढळलें ४.७०. क्लोराइड शंभर अंशांच्या किंचित् खालीं उकळेल असें म्हटलें होतें. तें ८६ अंशांवर उकळलें. न पाहिलेल्या मुलाची पत्रिका मांडावी आणि जन्मानंतर ती अशी तंतोतंत जुळावी, असा हा प्रकार झाला. भेद इतकाच कीं, येथें ग्रह नव्हते, गणित होतें.

पुढें प्रश्न आला नांवाचा. नेपच्यून ग्रहाचें स्थान आधीं कागदावर ठरलें आणि मग १८४६ सालीं तो दुर्बिणींत दिसला. त्या साम्यामुळें आपल्या मूलद्रव्यास ‘नेप्ट्यूनियम’ म्हणावें असें विंक्लर यांच्या मनांत होतें. परंतु १८७७ सालीं दुसऱ्या एका द्रव्यास तें नांव दिलें गेलें होतें. तेव्हां विंक्लर यांनीं आपल्या देशाच्या नांवावरून ‘जर्मेनियम’ हें नांव ठरविलें. दैवाची गंमत अशी कीं, १८७७ चें तें मूलद्रव्य पुढें मूलद्रव्यच ठरलें नाहीं. म्हणजे जें अस्तित्वांतच नव्हतें, त्यानें खऱ्याची जागा अडविली. ‘नेप्ट्यूनियम’ हें नांव अखेरीस १९४० सालीं अमेरिकेंत शोधल्या गेलेल्या ९३ व्या मूलद्रव्यास मिळालें. भविष्य रशियनाचें, त्यांतले शब्द संस्कृत, आणि कायमचीं नांवें मात्र गॉल, स्कँडिनेव्हिया व जर्मनी या भूमींचीं, असा हा हिशेब आहे. फ्रान्स-प्रशियाचें १८७०-७१ चें युद्ध लोकांच्या स्मरणांत ताजें असतांना हीं नांवें ठेविलीं गेलीं, हें लक्षांत घेतलें म्हणजे प्रयोगशाळेच्या भिंतींआडही देशाभिमान पोंचतो हें दिसून येतें.

खुद्द आर्जिरोडाइटच्या घराण्यांतही नांवांची अदलाबदल झाली. बोलिव्हियांतून आलेल्या एका खनिजास येल विद्यापीठाचे सॅम्युएल पेनफील्ड यांनीं १८९३ सालीं निराळें समजून, कॅनफील्ड नामक खाण-अभियंत्याच्या सन्मानार्थ, ‘कॅनफील्डाइट’ असें नांव दिलें. परंतु वाइसबाख यांनीं आर्जिरोडाइटच्या स्फटिकांची ठेवण पूर्वीं चुकीची सांगितली होती, व दोन्ही खनिजें एकच आहेत, असें लवकरच ठरलें. मग १८९४ सालीं पेनफील्ड यांनीं तें रिकामें झालेलें नांव, जर्मेनियमच्या जागीं बव्हंशीं कथील असणाऱ्या भावंडास दिलें. आपली ‘नांव सोनूबाई, हातीं कथलाचा वाळा’ ही म्हण या घराण्यास अशी अनपेक्षितपणें लागू पडते.

जर्मेनियम कित्येक वर्षें शास्त्रज्ञांचें कौतुक म्हणूनच राहिलें. नंतर डिसेंबर १९४७ मध्यें अमेरिकेंतील बेल प्रयोगशाळेंत बार्डीन व ब्रॅटन यांनीं पहिला ट्रान्झिस्टर चालवून दाखविला, तो जर्मेनियमच्या स्फटिकावर. आज तें मुख्यत्वें जस्ताच्या धातुकांतून व कोळशाच्या राखेंतून मिळवितात. आर्जिरोडाइट त्यासाठीं फारच दुर्मीळ आहे. तें नांव मात्र पुन्हां चलनांत आलें आहे. या खनिजाच्या अणूंची जी रचना आहे, तशीच रचना लिथियम, फॉस्फरस, गंधक व क्लोरिन यांच्या एका कृत्रिम संयुगाची आहे. घनरूप विजेऱ्यांसाठीं त्याचा अभ्यास चालतो आणि त्यासही ‘आर्जिरोडाइट’च म्हणतात. त्यांत चांदीचा कण नाहीं, जर्मेनियमही नाहीं. ‘रौप्ययुक्त’ हें नांव आतां रौप्यरहित वस्तूसही सुखानें चालतें.

या सर्वांचें तात्पर्य काय? वाइसबाख यांचें नांव खोटें नव्हतें. खनिजांत तीन चतुर्थांश चांदी होतीच. परंतु ज्यामुळें त्या दगडाची कीर्ति झाली, तें त्याच्या नांवांत नव्हतें. तें बेरजेंत न बसणाऱ्या सात भागांत होतें. मराठींत शास्त्रीय परिभाषा घडवितांना, नांवावरूनच वस्तूचा गुण कळला पाहिजे, असा आग्रह पुष्कळदां धरला जातो. त्यांना आम्हीं एवढेंच सुचवूं इच्छितों कीं, ऑक्सिजन या ग्रीक नांवाचा अर्थ ‘आम्लजनक’. सर्व आम्लें त्याच्यामुळें होतात ही समजूत चुकीची ठरली, तरी नांव राहिलें आहे आणि कोणाचें अडलेलें नाहीं. आपला ‘प्राणवायु’ त्या चुकीपासून दूर राहिला, हें आपलें भाग्य. नांव म्हणजे त्या दिवसापर्यंतच्या ज्ञानावर मारलेला शिक्का होय. मुलांस पुस्तकांतील नांवें पाठ करून घेणाऱ्या घरांतून त्या नांवांबरोबर ही एक संवयही लाविली जावी, कीं बेरीज ९३ येते तेथें ती ९३ च लिहावी, आणि उरलेल्या सातांचा शोध घ्यावा.