योसेमिटीचे लोहार

१९५७ साली कॅलिफोर्नियातल्या बर्कले गावच्या कचराडेपोत पडलेल्या एका जुन्या शेगडीचे इनॅमलचे पाय निघाले ते थेट योसेमिटीच्या खोऱ्यात पोचले. गिर्यारोहक वॉरन हार्डिंगला ते भेगेत ठोकायचे खिळे, म्हणजे पिटॉन, म्हणून हवे होते. एल कॅपिटान हा सुमारे ९०० मीटर उंचीचा ग्रॅनाइटचा कडा. त्याच्या मधोमध पुढे आलेल्या धारेला 'नोज' म्हणतात, आणि तिच्यावर शेकडो फूट सरळ वर गेलेली एक रुंद भेग आहे. एवढ्या रुंदीत घट्ट बसेल असा पिटॉन तेव्हा बाजारात नव्हता. शेगडीचा पाय मात्र हातोडीच्या घावांनी बसला आणि माणसाचं वजन पेलू लागला. ती भेग आजही 'स्टोव्हलेग क्रॅक' याच नावाने ओळखली जाते.

हार्डिंग या कड्याकडे वळला तो थोडा चिडूनच. त्याच जूनमध्ये रॉयल रॉबिन्स आणि त्याच्या दोन जोडीदारांनी त्याच खोऱ्यातल्या हाफ डोमची वायव्य भिंत पाच दिवसांत चढून दाखवली होती. हार्डिंग मागून चालत माथ्यावर गेला, त्यांचं अभिनंदन केलं आणि खाली आल्यावर त्याहून मोठं काहीतरी शोधू लागला. जुलैत नोजवर दोर लागले. खाली रस्त्यावर मोटारी थांबवून लोक माना वर करून बघत बसायचे. वाहतूक तुंबू लागली तशी उद्यानाच्या रेंजरांनी पर्यटनाच्या हंगामात चढाईला बंदी घातली. मग काम तुकड्या-तुकड्यांनी चाललं, जोडीदार बदलत गेले. शेवटच्या रात्री वरच्या पालथ्या कड्यात हार्डिंगने हाताने एकामागून एक २८ भोकं पाडून बोल्ट ठोकले आणि १२ नोव्हेंबर १९५८ च्या पहाटे तो माथ्यावर आला. सोबत वेन मेरी आणि जॉर्ज व्हिटमोर होते. भिंतीवरचे दिवस मोजले तर दीड महिन्यापर्यंत जातात. ते सोळा महिन्यांत विखुरले होते.

एवढा सगळा खटाटोप खिळ्यांचाच का, याचं उत्तर खडकात आहे. डायनासोरांच्या काळात पॅसिफिकच्या तळाचा भूपट्ट उत्तर अमेरिकेखाली सरकत होता. त्यातून तयार झालेला शिलारस वर येता येता काही किलोमीटर खोलीवरच अडकला आणि सावकाश निवत गेला. एल कॅपिटानचा ग्रॅनाइट दहा कोटी वर्षांहून थोडा जुना, हाफ डोमचा त्याच्यापेक्षा बराच तरुण. सावकाश निवल्यामुळे क्वार्ट्झ, फेल्डस्पार आणि काळ्या अभ्रकाचे कण मोठे झाले, एकमेकांत घट्ट गुंतले. वरच्या ट्युओलम्नी भागात तर फेल्डस्पारचे बोटा-बोटाएवढे स्फटिक कातळातून बाहेर डोकावतात आणि चढणारे त्यांवर बुटाचं टोक टेकून उभे राहतात. सह्याद्रीत कडे चढणाऱ्याला हे सगळं परकं वाटेल. आपला बेसाल्ट लाव्हा होऊन जमिनीवर पसरला, लवकर निवला, थरावर थर साचला. त्याचे कण नुसत्या डोळ्यांना सहसा दिसतही नाहीत, आणि दोन थरांच्या मधे गवताळ पायरी हमखास भेटते. एल कॅपिटानवर अशा सवलती फारशा नाहीत.

भेगा पडल्या त्या दोन तऱ्हांनी. काही उभ्या सांध्यांच्या रूपाने, खडक जमिनीखाली असतानाच. बाकीच्या पुष्कळ नंतर, वरचा डोंगर झिजून भार उतरल्यावर: पृष्ठभागाला समांतर असे पापुद्रे सुटत गेले. जिथे सांधे दाट होते तिथला कातळ हिमनद्यांनी उपटून नेला. जिथे ते विरळ होते तो भाग, म्हणजे एल कॅपिटान, उभा राहिला. म्हणून त्याच्यावर भेगा मोजक्याच, पण ज्या आहेत त्या लांब, खोल आणि सरळ.

हिमनदीची ही गोष्ट मान्य व्हायलाही वेळ लागला. राज्याचे भूशास्त्रज्ञ जोसाया व्हिटनी म्हणत की खोऱ्याचा तळच खचला. मेंढ्या राखायला आलेला जॉन म्युर हिमनद्यांच्या खुणा दाखवत फिरत होता, आणि व्हिटनींच्या लेखी तो एक अडाणी मेंढपाळ होता. याच व्हिटनींच्या सर्वेक्षणाने हाफ डोमच्या माथ्यावर माणसाचं पाऊल कधीच पडणार नाही असंही लिहून ठेवलं होतं. १८७५ च्या ऑक्टोबरात जॉर्ज अँडरसन नावाच्या स्कॉटिश माणसाने खडकात भोकं पाडली, त्यांत लोखंडी कड्यांचे बोल्ट बसवले आणि त्यांना दोर बांधत तो माथ्यावर गेला. अँडरसनला लोहारकाम येत होतं.

इथून पुढे बघितलं तर या खोऱ्यातल्या चढाईला निर्णायक वळणं देणाऱ्यांत लोहारच वारंवार भेटतात. जॉन सालाथे हा मूळचा स्विस, सॅन मॅटिओत त्याचा लोहारकामाचा कारखाना. वयाच्या पंचेचाळिशीच्या आसपास तो कड्यांकडे वळला. तोवर वापरात असलेले पिटॉन युरोपीय धाटणीचे, मऊ लोखंडाचे. आल्प्सच्या चुनखडीत ते वेड्यावाकड्या फटीप्रमाणे वळून बसत आणि तिथेच राहत. योसेमिटीच्या सरळ, कठीण भेगेत ते चेपायचे, वाकायचे. एकदा ठोकला की पुन्हा कामाचा नाही. सालाथेने कडक पोलादाचे पिटॉन घडवले. फोर्डच्या जुन्या मोटारींच्या आसांपासून, असं म्हणतात. ते ठोकता येत, उपटता येत, पुन्हा ठोकता येत. १९४७ मध्ये अँटन नेल्सनला घेऊन तो पाच दिवसांत लॉस्ट ॲरोच्या सुळक्यावर पोचला. मूठभर खिळ्यांत मोठी भिंत चढता येते, हे तेव्हा कळलं.

पण जो खिळा निघतो तो खडकही थोडा घेऊन निघतो. इव्हॉन शुइनार भंगारातून जुनी भट्टी विकत घेऊन लोहारकाम शिकला, क्रोम-मॉलिब्डेनम पोलादाचे पिटॉन विकू लागला आणि १९७० पर्यंत अमेरिकेतल्या चढाई-साहित्याच्या धंद्यात आघाडीवर गेला. तोवर लोकप्रिय मार्गांवरच्या भेगांची दशा झाली होती. सेरेनिटी क्रॅकमध्ये पिटॉन ठोकून-काढून ओळीने बोट जाईल अशी भोकं पडली आहेत. ती आजही तिथे आहेत. १९७२ च्या कॅटलॉगमध्ये शुइनारने स्वतःच्याच मुख्य मालाविरुद्ध बाजू मांडली: हातोडी ठेवा, भेगेत अडकवता आणि हाताने काढता येतील असे नट वापरा. हा धंद्यातला धोका साधा नव्हता. पुढच्याच वर्षी त्याने ब्रूस कार्सनबरोबर नोज हातोडीविना चढून दाखवला.

नटला भेग निमुळती लागते. दोन्ही कडा समांतर असल्या की तो घसरतो, आणि योसेमिटीत अशाच भेगा जास्त. हा प्रश्न रे जार्डिनच्या 'फ्रेंड्स'नी १९७०च्या दशकात सोडवला. स्प्रिंगवर फिरणारे वक्र दात खटका ओढला की मिटतात, सोडला की भेगेच्या कडांना टेकतात. खालून जितका ओढा बसेल तितके ते बाहेर रेटतात. जार्डिन लोहार नव्हता, अंतराळ क्षेत्रातला अभियंता होता.

गंमत अशी की पुढच्या पिढीने हातापायांच्या बळावर, दोर फक्त पडलो तर म्हणून ठेवून, चढायचं ठरवलं तेव्हा जुन्या जखमाच तिच्या उपयोगी पडल्या. सेरेनिटी क्रॅक लोक पिटॉनच्या भोकांत बोटं घालूनच चढतात. निसर्गाने दिलेली ती फट मुळात बोट शिरण्याइतकीही रुंद नव्हती. १९९३ मध्ये लिन हिल सगळा नोज याच पद्धतीने चढली. वाटेतल्या 'ग्रेट रूफ' नावाच्या छतासारख्या कड्याखालच्या अरुंद फटीत तिची बारीक बोटं बसली, जी बऱ्याच नामवंत पुरुषांची बसत नव्हती. पुढच्या वर्षी तिने तेच एका दिवसाच्या आत केलं.

खडकाचं काम दरम्यान चालूच आहे. २०१५ च्या जुलैत हाफ डोमच्या त्याच वायव्य भिंतीवरचा एक मोठा पापुद्रा कोसळला आणि १९५७ च्या मार्गाचा तुकडा घेऊन गेला. कुणाला इजा झाली नाही. पापुद्र्यांमागच्या फटींत मोजमापाची यंत्रं बसवलेल्या भूशास्त्रज्ञांना दिसलं की भर उन्हात असा पापुद्रा सेंटिमीटरभर बाहेर येतो आणि रात्री परत जातो. दरडी पावसात आणि बर्फ वितळताना पडतात तशा कोरड्या उन्हाळी दुपारीही का पडतात, याचं एक कारण त्यातून मिळालं. त्याच सुमारास एल कॅपिटानच्या आग्नेय भिंतीचा भूशास्त्रीय नकाशा छापला गेला. त्यासाठीचं काम करणाऱ्यांत चढणारेही होते.