पोलिसांनी टिपलेला आवाज

‘छोडो भारत’ आंदोलनात १४ ऑगस्ट १९४२ रोजी पालघरला निघालेल्या मोर्चावर पोलिसांनी गोळीबार केला. काशिनाथ पागधरे, गोविंद ठाकूर, रामचंद्र चुरी, रामप्रसाद तिवारी आणि सुकुर मोरे हे पाच जण हुतात्मा झाले. वर्तमानपत्रांवर निर्बंध होते, ऑल इंडिया रेडिओ सरकारचाच. जवळच्या सालवड-बोईसरसारख्या गावांना सरकारी छाननीतून न गेलेली बातमी मिळायची ती मुख्यतः तोंडोतोंडीच.

१९२७ साली मुंबईत सुरू झालेल्या पहिल्या रेडिओ केंद्राची ताकद दीड किलोवॅट आणि पल्ला सुमारे ३० मैल. बोईसर रेल्वेने मुंबईपासून शंभरेक किलोमीटरवर, म्हणजे त्या पल्ल्याच्या बाहेर. लघुलहरींनी हे अंतर तोडले. वातावरणाच्या वरच्या थरावरून परावर्तित होऊन त्या कमी ताकदीतही दूर पोचतात.

भूमिगत काँग्रेस रेडिओने लघुलहरींचा नेमका हाच फायदा घेतला. पालघरच्या गोळीबारानंतर तेराच दिवसांनी, २७ ऑगस्टला, त्याचे प्रक्षेपण मुंबईतून ४२.३४ मीटरवर सुरू झाले. उषा मेहता तेव्हा २२ वर्षांच्या. विठ्ठलदास खाकर, चंद्रकांत झवेरी यांच्यासह त्या जागा बदलत केंद्र चालवीत. निवेदक ठिकाण सांगत नसे, ‘हिंदुस्थानातून कुठून तरी’ एवढेच म्हणे. राममनोहर लोहियांची भाषणेही त्यावरून झाली. ध्वनिवर्धकांच्या शिकागो रेडिओ कंपनीचे नानक मोटवाने यांनी साहित्य पुरवल्याचा आरोप झाला, पण ते निर्दोष सुटले. १२ नोव्हेंबरला धाड पडली. उषाबेनना चार वर्षांची शिक्षा झाली.

हे केंद्र काय बोलत होते, हे आज कळते ते मुख्यतः सरकारमुळेच. सरकारी श्रोते रेडिओपाशी बसून प्रक्षेपणे ऐकत आणि शब्द न् शब्द टिपून घेत. खटल्यात हीच टिपणे पुरावा ठरली. ज्यांना तो आवाज बंद करायचा होता, त्यांनीच तो जपला.

मात्र त्या टिपणांतून फक्त बोलणारा कळतो, ऐकणारा नाही. ऐकणाऱ्याचा माग दुसऱ्या कागदांत लागू शकतो. तेव्हा रेडिओसाठी परवाना लागे, आणि वीज नसलेल्या घरात संच बॅटरीवर चाले. कोणत्या गावात संच होते, ते कुणाच्या नावावर होते, हे त्या परवान्यांतून उमगते. पालघर, बोईसर, सालवड परिसरातल्या कुणाच्या माळ्यावर असे जुने परवाने किंवा दुरुस्तीच्या पावत्या असतील, तर त्या रद्दीत देऊ नका. अभ्यासकांना दाखवा.