शिक्षक आणि खेळाडू : प्रा. दि. ब. देवधर



"मुलगा खेळात फार रमतो, त्याच्या अभ्यासाचे काय होणार?" ही चिंता शाळेच्या दारात दरवर्षी ऐकू येते. आपली वाघोली २०२१ साली पुणे महानगरपालिकेत आली. शिक्षणाची ओढ वाढली, ही आनंदाची गोष्ट आहे. परंतु त्याबरोबर मैदानावरचा तास म्हणजे वाया गेलेला तास, असा समजही वाढू लागला आहे. या समजाला उपदेशाने उत्तर देण्यापेक्षा याच पुण्यात होऊन गेलेल्या एका शिक्षकाचे चरित्र सांगणे अधिक बरे.

दिनकर बळवंत देवधर यांचा जन्म १४ जानेवारी १८९२ रोजी पुण्यात झाला. पुढे ते सर परशुरामभाऊ महाविद्यालयात संस्कृतचे प्राध्यापक झाले. खेळावर पोट भरण्याचे ते दिवस नव्हते. वर्गात संस्कृत शिकवायचे आणि मैदानावर बॅट हाती घ्यायची, असा त्यांचा जीवनक्रम होता. १९११ साली ते प्रथम श्रेणीच्या क्रिकेटमध्ये उतरले आणि १९४७-४८ पर्यंत खेळत राहिले. पहिल्या महायुद्धाच्या आधी आणि दुसऱ्या महायुद्धाच्या नंतरही या दर्जाचे क्रिकेट खेळलेले खेळाडू साऱ्या जगात मोजकेच आढळतील.

डिसेंबर १९२६ मध्ये आर्थर गिलिगन यांच्या नेतृत्वाखाली एम.सी.सी.चा इंग्लिश संघ मुंबईत खेळला. त्याच्याविरुद्ध अखिल भारतीय संघाकडून देवधरांनी १४८ धावा काढल्या. आपले खेळाडू इंग्रजांच्या तोडीचे आहेत, हा विश्वास ज्या खेळींनी दिला त्यांत ही एक होती. १९३२ साली भारत लॉर्ड्सवर पहिली कसोटी खेळला. कर्नल सी. के. नायडू कर्णधार होते. वझीर अली, नझीर अली आणि जहांगीर खान संघात होते. देवधर तेव्हा चाळिशीला आले होते. त्यांची निवड झाली नाही आणि अधिकृत कसोटी खेळण्याचे भाग्य त्यांना कधीच लाभले नाही. पण त्यांनी खेळाकडे पाठ फिरवली नाही. त्यांचे सर्वांत मोठे काम यापुढेच झाले.

ते समजण्यासाठी त्या काळची रीत लक्षात घ्यावी लागेल. मुंबईच्या मोठ्या सामन्यांत संघ धर्माच्या आणि जमातीच्या नावाने उतरत. युरोपियन, पारशी आणि हिंदू यांच्या जोडीला १९१२ साली मुसलमानांचा संघ आला आणि सामने चौरंगी झाले. १९३७ साली उरलेल्या सर्वांचा 'रेस्ट' हा संघ आला आणि ते पंचरंगी झाले. या सामन्यांनी पुष्कळ गुणी खेळाडू पुढे आणले, हे मान्य केले पाहिजे. देवधर स्वतःही हिंदूंच्या संघातून खेळले. परंतु मैदानावर माणसांची अशी वाटणी होणे योग्य नव्हे, असे अनेकांना वाटू लागले होते. डिसेंबर १९४० मध्ये वर्ध्यास भेटीला आलेल्या मंडळींना महात्मा गांधींनी हेच सांगितले. १९४६ नंतर पंचरंगी सामने बंद पडले.

१९३४-३५ साली सुरू झालेल्या रणजी करंडकाने दुसरी वाट दाखवली. त्यात संघ प्रांतांचे आणि संस्थानांचे होते. होळकरांच्या संघात नायडू आणि सय्यद मुश्ताक अली एकत्र खेळले. महाराष्ट्राचे कर्णधार होते प्रा. देवधर. १९३९-४० च्या हंगामात पुण्यात बडोद्याविरुद्ध सांगलीच्या विजय हजारे यांनी नाबाद ३१६ धावा काढल्या. नगरवाला यांच्या साथीने त्यांनी नवव्या गड्यासाठी २४५ धावांची भर घातली. हजारे ख्रिस्ती, नगरवाला पारशी आणि त्यांचे कर्णधार संस्कृतचे ब्राह्मण प्राध्यापक! पंचरंगी सामन्यांत हे तिघे तीन निरनिराळ्या संघांत गेले असते. येथे ते एकाच महाराष्ट्रासाठी खेळत होते.

त्या वर्षी महाराष्ट्राने संयुक्त प्रांताला हरवून करंडक जिंकला. पुढच्या वर्षी मद्रासला हरवून तो पुन्हा राखला. त्याच दुसऱ्या हंगामात मुंबईविरुद्ध देवधरांनी २४६ धावा केल्या. महाराष्ट्राच्या ६७५ झाल्या, मुंबईच्या ६५०. कर्णधाराच्या वयाला तेव्हा पन्नाशी टेकत आली होती! १९४४-४५ च्या हंगामात तर त्यांनी नवानगरविरुद्ध एकाच सामन्यात १०५ आणि १४१ अशी दोन शतके काढली. निवृत्तीनंतर निवड समितीचे सदस्य, महाराष्ट्र क्रिकेट संघटनेचे अध्यक्ष आणि भारतीय क्रिकेट नियामक मंडळाचे उपाध्यक्ष या नात्यांनी त्यांनी खेळाच्या संघटनेचे काम केले. १९७३-७४ साली सुरू झालेल्या विभागीय स्पर्धेला 'देवधर करंडक' हे नाव मिळाले. १९६५ साली पद्मश्री आणि १९९१ साली पद्मभूषण देऊन शासनाने त्यांचा गौरव केला. २४ ऑगस्ट १९९३ रोजी, वयाच्या एकशे दुसऱ्या वर्षी, ते निवर्तले.

मुलींच्या पालकांनी आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. देवधरांच्या कन्या तारा, सुंदर आणि सुमन यांनी १९४० च्या दशकात देशातील बॅडमिंटन गाजवले. मुलींनी मैदानावर जावे की नाही, याविषयी घरोघर कुजबुज होत असे, असा तो काळ होता. या प्राध्यापकाने आपले उत्तर स्वतःच्या घरातूनच दिले.

प्रत्येक मूल देवधर होणार नाही आणि तशी अपेक्षाही करू नये. परंतु पुस्तक आणि मैदान यांचे वैर नाही, हे या चरित्रावरून पटावे. वर्गात मूल स्वतःच्या गुणांसाठी झटते. मैदानावर ते दुसऱ्याच्या यशासाठी धावायला शिकते, आणि तो दुसरा कोणत्या घरचा हे विचारीत नाही. हे शिक्षण कोणत्याही पाठ्यपुस्तकात सापडत नाही. म्हणून संध्याकाळी मूल खेळायला निघाले, तर त्याला अडवू नका. परतल्यावर अभ्यासाला बसव म्हणजे झाले, एवढेच त्याच्या आईला सांगा, आणि आपणही त्याच्याजवळ बसा.