आखीव-रेखीव विश्व आणि जैन गणिताचा वारसा

जिनमंदिरात दर्शनास आलेला श्रावक पाटावर अक्षतांचा स्वस्तिक रेखतो, त्याच्या वर तीन ढिगल्या मांडतो आणि सर्वांत वर चंद्रकोरीच्या आकाराची सिद्धशिला काढतो. चार गती, रत्नत्रय आणि मोक्ष हा या आकृतीचा अर्थ आपल्याकडे लहानपणीच सांगितला जातो. मात्र ज्या विश्वरचनेत या सिद्धशिलेला स्थान आहे, तिच्यातील प्रत्येक द्वीप, पर्वत आणि समुद्र यांना निश्चित माप दिलेले आहे, याची जाणीव थोड्यांनाच असते.

तत्त्वार्थसूत्राच्या तिसऱ्या अध्यायात मध्यलोकाची रचना संक्षेपाने आली आहे. मध्यभागी वर्तुळाकार जंबूद्वीप, त्याचा व्यास १ लाख योजने आणि केंद्रस्थानी मेरुपर्वत. त्याभोवती २ लाख योजने रुंदीचा लवणसमुद्र, मग ४ लाखांचे धातकीखंड, ८ लाखांचा कालोद समुद्र आणि १६ लाखांचे पुष्करद्वीप. प्रत्येक वलय आधीच्या वलयाच्या दुप्पट रुंद आहे. पुष्करद्वीपाच्या मध्यावर मानुषोत्तर पर्वत असून तेथे मनुष्यक्षेत्राची सीमा येते. या अडीच द्वीपांचा एकूण विस्तार ४५ लाख योजने भरतो आणि सिद्धशिलेचा विस्तारही तेवढाच सांगितला आहे. जेथून जीव मुक्त होऊ शकतो ते क्षेत्र आणि मुक्त जीवांचे स्थान यांचे माप एकच असावे, ही कल्पना मोठी अर्थपूर्ण आहे.

जंबूद्वीपाच्या अंतर्भागातही हीच शिस्त दिसते. त्यात सात क्षेत्रे असून त्यांना विभागणारे सहा पर्वत आहेत. दक्षिणेकडील भरतक्षेत्राचा १ भाग धरला, तर पुढे क्रमाने २, ४, ८, १६, ३२ असे वाढत विदेहक्षेत्राचे ६४ भाग होतात आणि तेथून उत्तरेकडे त्याच क्रमाने ते उतरत जाऊन ऐरावतक्षेत्राचा पुन्हा १ भाग उरतो. या सर्वांची बेरीज १९० येते. म्हणून १ लाखाला १९० ने भागून भरतक्षेत्राचा विस्तार ५२६ पूर्णांक ६/१९ योजने सांगितला आहे. भरतक्षेत्राचा आकार धनुष्यासारखा असल्याने त्याची जीवा, बाण आणि धनुःपृष्ठ काढण्याचे नियमही आचार्यांना रचावे लागले. बाण आणि व्यास यांवरून जीवा काढण्याचा त्यांचा नियम आजच्या भूमितीतही तंतोतंत खरा ठरतो.

खरी कसोटी परिघाची होती. व्यासाच्या वर्गाला १० ने गुणून त्याचे वर्गमूळ काढावे, असा नियम रूढ होता. त्यानुसार जंबूद्वीपाचा परिघ ३,१६,२२७ योजने, ३ कोस, १२८ धनुष्ये आणि साडेतेरा अंगुलांहून किंचित अधिक असा नोंदलेला आहे. लक्षावधी योजनांचा हिशेब अंगुलापर्यंत नेणारी ही चिकाटी आजही थक्क करते. वर्गमूळ पूर्ण सुटत नसेल, तर उरलेल्या बाकीला मुळाच्या दुपटीने भागावे, ही त्या काळची रीत होती. तिच्या आधारे गणित करून पाहिल्यास नेमके हेच अंगुल येतात.

तथापि, १० चे वर्गमूळ हे व्यास व परिघ यांचे अचूक गुणोत्तर नव्हे. याकडेही जैन आचार्यांनी डोळेझाक केली नाही, ही विशेष गौरवाची बाब होय. षट्खंडागमावरील ‘धवला’ टीकेत आचार्य वीरसेनांनी अधिक सूक्ष्म नियम नोंदविला आहे. व्यासाच्या सोळापटीत १६ मिळवावे, त्याला ११३ ने भागावे आणि तो भागाकार व्यासाच्या तिपटीत मिळवावा, असा तो नियम आहे. तो जंबूद्वीपाच्या व्यासाला लावला, तर परिघ ३,१४,१५९ योजनांहून किंचित अधिक येतो. आजच्या गणिताने येणारी पूर्ण योजनांची संख्याही हीच आहे. एखादी संख्या कितीदा निम्मी केली म्हणजे १ उरतो, त्या गणतीला धवलेत ‘अर्धच्छेद’ म्हटले आहे. दुपटीदुपटीने वाढणाऱ्या द्वीप-समुद्रांचा विचार करणाऱ्यांना अशा साधनाची गरज भासावी, हे स्वाभाविकच होते.

हे धन समाजापुढे आणण्यात महाराष्ट्राचा वाटा मोठा आहे. मूडबिद्रीच्या भांडारात शतकानुशतके ताडपत्रांवर राहिलेल्या धवलेचा पहिला मुद्रित खंड १९३९ साली अमरावतीहून डॉ. हीरालाल जैन यांच्या संपादनाखाली निघाला. ब्रह्मचारी जीवराज गौतमचंद दोशी यांच्या दानातून उभ्या राहिलेल्या सोलापूरच्या ग्रंथमालेने ‘तिलोयपण्णत्ती’ १९४३ व १९५१ साली दोन भागांत प्रसिद्ध केली. तिच्या संपादनात डॉ. हीरालाल जैन यांच्यासमवेत कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयातील डॉ. आ. ने. उपाध्ये होते. राष्ट्रकूट सम्राट अमोघवर्ष यांच्या काळातील महावीराचार्यांचा ‘गणितसारसंग्रह’ही याच ग्रंथमालेने १९६३ साली हिंदी अनुवादासह प्रकाशित केला. दात्याचे धन आणि पंडिताचे श्रम एकत्र आले, म्हणजे केवढे कार्य उभे राहते, याचा हा वस्तुपाठ आहे.

आज शाळेत पृथ्वीचा गोल पाहणारी मुले पाठशाळेतील जंबूद्वीपाचा नकाशा पाहून प्रश्न विचारतात. तो प्रश्न दडपणे योग्य नाही आणि त्या भयाने नकाशा गुंडाळून ठेवणेही योग्य नाही. आजचे भूगोलशास्त्र निरीक्षणातून सिद्ध झाले आहे, ते तसेच शिकवावे. लोकरचनेचे वर्णन जीवाच्या गती आणि मुक्ती यांच्या चिंतनासाठी आहे, हेही समजावून द्यावे. पण त्याबरोबरच मुलांच्या हाती कागद-पेन्सिल देऊन १९० भागांची बेरीज आणि परिघाचा हिशेब त्यांच्याकडून करून घ्यावा. पूर्वजांनी श्रद्धेने मानलेले विश्वही मोजून पाहिले आणि मोजमापाचा नियम अपुरा वाटला, तेव्हा त्याहून सूक्ष्म नियम शोधला. ट्रस्टच्या सुवर्णमहोत्सवी वर्षात देवरूखच्या बालगोपाळांच्या हाती हा वारसा सोपविला, तर पुढील पन्नास वर्षांची पायाभरणी होईल.