पायपेटीपासून विद्यापीठापर्यंत

शाळेत प्रार्थनेला संगीताच्या बाई पेटी वाजवत. त्या खोलीबाहेर गेल्या की आम्ही दोघी-तिघी गुपचूप तिच्यावर बोटं फिरवून घ्यायचो. स्मरणिकेसाठी लिहायला बसले आणि तेच आठवलं. कारण गेली काही वर्षं मी ज्यांचा पियानो ऐकते आहे, त्या मेरी लू विल्यम्स यांची सुरुवातही आपल्या पायपेटीसारख्याच एका वाद्यावर झाली.

त्यांचा जन्म १९१० साली अमेरिकेतल्या अटलांटा शहरात, एका गरीब कृष्णवर्णीय कुटुंबात झाला. आई ऑर्गन वाजवी. तिच्या मांडीवर बसलेल्या चिमुरडीने एक दिवस आईचीच धून वाजवून दाखवली. आईने मात्र तिला शिकवणी लावली नाही. कागद बघून वाजवायला लागली तर मनाने वाजवणं विसरेल, ही तिची भीती. त्याऐवजी ती वादकांना घरी बोलावून मुलीला ऐकवी. पुढे हे कुटुंब पिट्सबर्गला गेलं, आणि शाळकरी वयातच मेरी लू घरोघरी वाजवून पैसे मिळवू लागली.

विशीत त्या अँडी कर्क यांच्या बँडमध्ये आल्या. संगीतरचना डोक्यात तयार असायच्या, पण लिहिता येत नव्हत्या. सुरुवातीला कर्क त्या उतरवून घेत. मग त्या स्वतःच लिहायला शिकल्या. सगळ्या बँडने कधी, काय वाजवायचं हे कागदावर मांडणं म्हणजे अरेंजिंग. माझ्यासारख्या सॉफ्टवेअरवालीला ते आमच्या डिझाइनसारखंच वाटतं : ऐकणाऱ्याला दिसत नाही, पण सगळा डोलारा त्यावरच उभा असतो. बेनी गुडमन आणि ड्यूक एलिंग्टन यांच्या बँडसाठीही त्यांनी असं लेखन केलं.

चाळीसच्या दशकात न्यूयॉर्कमधलं त्यांचं घर म्हणजे एक शाळाच होती. रात्रीचे कार्यक्रम संपवून थेलोनिअस मंक, बड पॉवेल, डिझी गिलेस्पी ही मंडळी तिथे जमत. त्यांच्या नव्या 'बीबॉप' संगीताला जुन्यांपैकी अनेक जण नाकं मुरडत. मेरी लूंनी ते शिकून घेतलं.

आणि १९५४ साली, पॅरिसमध्ये, त्यांनी वाजवणं थांबवलं. वय चव्वेचाळीस. त्यानंतरची तीन वर्षं प्रार्थनेत आणि व्यसनात अडकलेल्या वादकांना सावरण्यात गेली. १९५७ मध्ये त्या न्यूपोर्ट महोत्सवात गिलेस्पींच्या बँडबरोबर पुन्हा वाजवायला बसल्या. पुढे त्यांनी चर्चमधल्या उपासनेसाठी जॅझ लिहिलं. १९७७ पासून त्या ड्यूक विद्यापीठात शिकवत होत्या. १९८१ साली त्यांचं निधन झालं.

चव्वेचाळीस हा आकडा मला सोडत नाही. आपली तुकडी आज त्याच वयाच्या आसपास आहे. आपल्यातल्या काही जणींनी मुलांसाठी, घरच्या आजारपणासाठी काम सोडलं. मीही दोन वर्षं घरी होते. परत जाताना वाटत होतं, आता सगळं नवं, आपल्याला काय जमणार? मेरी लूंची न्यूपोर्टनंतरची चोवीस वर्षं तेव्हा माहीत असती तर थोडं सोपं गेलं असतं.

बाई, मेळाव्यात पेटी असेल तर या वेळी मी तुमच्यासमोरच वाजवीन. चुकले तर सांगा.